मेलॅनिन, मेलाटोनिन आणि आपला मळ

प्रश्न : चेहऱ्यावर काळपट डाग आले म्हणून पार्लरमध्ये गेले, तर तिथली मुलगी म्हणाली, 'तुमचं मेलाटोनिन वाढलंय.' त्याच सुमारास सासऱ्यांच्या कंपवाताबद्दल डॉक्टरांनी सांगितलं की या आजारात मेंदूतल्या मेलॅनिनवाल्या पेशी मरतात. हे दोन्ही एकच का? आणि मेलॅनिनला मराठीत नेमका शब्द काय? (एक वाचक, नाशिक)

ताई, आधी त्या मेलाटोनिनचा निकाल लावू. गंगापूर रोडपासून सिडकोपर्यंत हल्ली जो तो चेहऱ्याच्या बाबतीत हा शब्द फेकतो आहे, आणि ऐकून ऐकून माझे कान किटले आहेत. मेलाटोनिन हे झोपेच्या वेळापत्रकाशी संबंधित संप्रेरक, अंधार पडला की मेंदूतल्या पिनिअल ग्रंथीतून स्रवणारं. ते वाढलं तर फार तर जांभया येतील. चेहऱ्यावर डाग येत नाहीत.

गंमत अशी की त्या मुलीने नेमकं उलटं सांगितलं. येल विद्यापीठात आरॉन लर्नर नावाचे त्वचेचे डॉक्टर होते. कोडावर काही इलाज सापडतो का, या शोधात त्यांनी गाईंच्या ढीगभर पिनिअल ग्रंथींमधून 1958 साली हे द्रव्य वेगळं काढलं. बेडकाच्या कातडीवर ते टाकलं की रंगपेशींमधले काळे कण पेशीच्या मध्याशी गोळा होतात आणि बेडूक फिकट पडतो. म्हणून नावात 'मेला', म्हणजे काळा. आणि 'टोनिन' आलं सेरोटोनिनवरून. काळ्याला आवरणारं म्हणून हे नाव! माणसाच्या कातडीवर मात्र त्याची जादू चालली नाही. लर्नरना कोडाचं औषध मिळालं नाही, जगाला झोपेची गोळी मिळाली.

तिसरा घोळ मेलामाइनचा. लग्नाच्या पंगतीतल्या न फुटणाऱ्या ताटल्या ज्याच्या असतात, ते मेलामाइन. लीबिग या जर्मन रसायनशास्त्रज्ञाने 1834 साली 'मेलाम' नावाच्या एका पदार्थापासून ते केलं. त्या मेलामचं नावही त्याने असंच मनाने ठेवलं होतं. काळ्याशी त्याचा काडीचा संबंध नाही.

आणि 'मला पिगमेंटेशन झालंय' हे काय आहे? पिगमेंटेशन म्हणजे रंग असणं. तो ज्याला त्याला असतोच. तुमच्या गालावर जे आहे त्याला मराठीत चांगला घसघशीत शब्द आहे : वांग. 'तिला वांग आलेत' असं आमच्या आजीच्या पिढीत सर्रास म्हणत. संस्कृत 'व्यंग' याचं हे रूप. सुश्रुताने क्षुद्ररोगांत व्यंग सांगितलं आहे ते हेच, तोंडावर येणारं, न दुखणारं, काळपट मंडल. डॉक्टर त्याला मेलास्मा म्हणतात. पार्लरच्या दरपत्रकावर 'वांग' लिहिलं तर गिऱ्हाईक पळेल अशी भीती असावी.

आता मुख्य शब्द. काळ्या प्राणिज रंगद्रव्याला 'मेलॅनिन' म्हणण्याचं श्रेय साधारणपणे स्वीडनच्या बर्झेलियसला देतात, साल 1840. ग्रीक 'मेलास' म्हणजे काळा. पण विभक्ती लागली की त्याचं अंग होतं 'मेलान्'. म्हणून मेलॅनिनमधला पहिला 'न' प्रत्ययाचा नाही, शब्दाच्या पोटातला आहे. ज्यांचा मेलॅनिन-मेलाटोनिन घोटाळा होतो त्यांनी एवढंच बघावं : 'मेला'ला लागून 'न' आला तर गोष्ट काळ्या रंगाची. मेलॅनिन, मेलॅनोमा, मेलॅनेशिया बेटं, सगळी त्यातली. सोळाव्या शतकात जर्मनीत फिलिप श्वार्त्सएर्ट नावाचा विद्वान होऊन गेला. आडनावाचा अर्थ काळी माती. तेव्हाच्या पंडिती रिवाजाप्रमाणे त्याचं ग्रीक भाषांतर झालं आणि तो इतिहासात मेलांख्थॉन म्हणून अमर झाला. आपल्याकडच्या काळ्यांनी मनावर घ्यायला हरकत नाही.

पण मला ज्यासाठी हा प्रश्न हातात घ्यावासा वाटला ती गोष्ट पुढेच आहे. हा मेलास आपल्या घरातला आहे. संस्कृत 'मल', 'मलिन' आणि ग्रीक 'मेलास', 'मेलान्' शेजारी ठेवून मोठ्याने म्हणून पाहा. संस्कृत-इंग्रजी कोश करणाऱ्या मोनिअर विल्यम्सनेही 'मल'पाशी मेलासची आठवण काढली आहे. बाल्टिक समुद्राकाठच्या लॅटव्हियन भाषेत 'मेल्न्स' म्हणजे काळा, आणि शेजारच्या लिथुआनियनमध्ये 'मेलिनास' म्हणजे निळा. काळा आणि निळा यांत घराणी फार भेद करत नाहीत; आपणही मार खाल्लेल्याचं अंग 'काळंनिळं' झालं म्हणतो आणि मेघासारख्या काळ्या विठ्ठलाला घननीळ म्हणतो.

आमच्या ओळखीचे एक निवृत्त संस्कृतचे प्राध्यापक यावर नाक मुरडतात. त्यांचं म्हणणं, मलाचा अर्थ घाण. काळेपणा त्याला मागून चिकटला, म्हणून मेलासशी सोयरीक ओढूनताणून जुळवलेली. मी त्यांना कालिदासाकडे पाठवलं. 'मलिनमपि हिमांशोर्लक्ष्म लक्ष्मीं तनोति', चंद्रावरचा डाग मलिन असला तरी त्याची शोभाच वाढवतो. चंद्राला कुठली आली घाण? तिथे मलिन म्हणजे काळसर, दुसरं काही नाही. प्राध्यापक म्हणाले, हा उत्तरकालीन प्रयोग झाला. म्हटलं, असेना, पण मग बाल्टिक काळ्या-निळ्याचं काय करायचं? त्यावर ते चहा मागवतात.

यातला सगळ्यात गोड भाग रसायनशास्त्राच्या पुस्तकात लपला आहे. मेलॅनिनचे मुख्य प्रकार दोन. गडद तपकिरी-काळं ते इओमेलॅनिन, आणि गंधक असलेलं तांबूस-पिवळं ते फिओमेलॅनिन, लाल केसांत भरपूर असतं ते. यातलं 'इओ' म्हणजे ग्रीक 'एउ', चांगला, अस्सल. आणि हा 'एउ' आपल्या 'सु'चा सख्खा भाऊ. म्हणजे इओमेलॅनिन अक्षरशः 'सुमलिन'! हा शब्द कुठल्याही परिभाषाकोशात नाही, याचं मला रास्त दुःख आहे.

आणि मराठीत ही मळाची वेल केवढी पसरली आहे पाहा. मळ, मळका, मळकट, आभाळ भरून आलं की मळभ. (कणीक मळणे वेगळं, ते 'मर्दन'च्या घरचं, सरसकट एकत्र कोंबू नका.) मग मळई, म्हणजे पुराच्या पाण्याने काठावर आणून टाकलेला गाळ. गोदाकाठी आणि दारणाकाठी मळईच्या जमिनीचा भाव विचारून बघा. आता माझा तर्क असा की 'मळा' हा शब्दही याच मळईतून उगवला. कोणी त्याचा संबंध 'माला'शी लावतात, वाफ्यांची माळ वगैरे. मला ते पटत नाही. फुलझाडांची हौस करणाऱ्याने सुचवलेली व्युत्पत्ती वाटते ती. आमच्याकडे निफाड-दिंडोरीचा माणूस 'आम्ही गावात नाही, मळ्यात राहतो' म्हणतो तेव्हा त्याच्या डोळ्यांपुढे माळ नसते. पाण्याजवळची, गाळाची, काळीशार, भिजणारी जमीन असते. जिरायत शेताला कोणी मळा म्हणत नाही. आणि आपली जुनी गावरीत आठवा : कसायची जमीन ती 'काळी', घरं बांधायची ती 'पांढरी'. काळ्याला इथे मान होता. मळ्याची जुनी कागदोपत्री नोंद मळईच्या अर्थाने सापडली की मी पेढे वाटणार आहे. तोवर हा तर्कच, पण माझा आवडता.

हे सगळं सांगायचं कारण 'कृष्णरंजक'. पारिभाषिक पुस्तकांतून मेलॅनिनला हा प्रतिशब्द येतो. व्याकरणाने बिनचूक, ऐकायला कीर्तनाच्या कार्यक्रमासारखा. 'आजचे कृष्णरंजक सादर करत आहेत...' शिवाय तांबूस फिओमेलॅनिनला तांबडं कृष्णरंजक म्हणणार का? पंचवटीत काळ्या पाषाणाचा राम आहे, त्याला चार पिढ्या सरळ 'काळाराम' म्हणत आल्या. कोणी 'कृष्णवर्णीय राम' केलं नाही. दुसरीकडे एक वैद्यमित्र आग्रहाने सांगतात की मेलॅनिन म्हणजे आपलं भ्राजक पित्त. वाग्भटाने त्वचेतल्या पित्ताला ते नाव दिलं हे खरं, पण का दिलं तेही त्यानेच सांगितलं आहे : त्वचेला तेज आणतं म्हणून. 'भ्राज्' म्हणजे झळकणे. झळकवणाऱ्याला काळं करणारा ठरवायचं आणि वर 'आमच्याकडे हे आधीच होतं' म्हणायचं, हा दोन्ही शास्त्रांचा अपमान आहे. मेलॅनिन म्हणा. मलिनाची बहीण आहे ती, परकी नाही.

प्रत्येक काळं मेलॅनिन नव्हे, हेही जाता जाता. आपली काळी द्राक्षं काळी दिसतात ती अँथोसायनिनमुळे, वेगळ्याच कुळातलं रंगद्रव्य. उलट वांगं चिरून ठेवलं आणि पाण्यात टाकायला विसरलात की पाच-दहा मिनिटांत फोडी काळवंडतात, ती मात्र मेलॅनिनच्या गोत्रातली गोष्ट : कापल्यावर हवा लागते, विकर (एन्झाइम) जागं होतं, फिनॉलवर्गी द्रव्यांचं गडद मेलॅनिन बनू लागतं. पिवळा बेदाणा हवा असेल तर द्राक्षांना गंधकाची धुरी देतात ती हेच विकर थोपवायला. समुद्रातली माकूल शत्रूवर जी शाई सोडते तीही मेलॅनिनच. ('काळी शाई' म्हणजे मुळात द्विरुक्ती, फारसी सियाह म्हणजे काळा, त्यावरून स्याही, शाई. मग निळ्या शाईचं काय, ते ज्याचं त्याने ठरवावं.) आणि काळ्या-गोऱ्या माणसांत रंगपेशींची संख्या साधारण सारखीच असते. फरक पडतो तो त्या किती, केवढे आणि कुठल्या जातीचे कण बनवतात याने.

हां, सासऱ्यांचं राहिलंच. डॉक्टरांचं बरोबर आहे. मेंदूच्या बुंध्याशी दोन्ही बाजूंना एक काळी पट्टी असते. फ्रान्सच्या विक दाझीरने 1786 मध्ये तिची नोंद केली. लॅटिन नावाचा अर्थही नुसता 'काळा पदार्थ'. जेम्स पार्किन्सनने कंपवातावर निबंध लिहिला 1817 साली, पण त्याने आजाराचा या पट्टीशी संबंध जोडला नव्हता. 1919 मध्ये त्रेत्याकॉफ नावाच्या तरुणाने पॅरिसमधल्या आपल्या प्रबंधात दाखवून दिलं की अशा रुग्णांची पट्टी फिकट पडलेली असते. तिथल्या पेशी डोपामाइन नावाचं निरोप पोचवणारं रसायन बनवतात, आणि त्यांच्यातला काळा रंग म्हणजे न्यूरोमेलॅनिन, त्या डोपामाइनच्याच ऑक्सिडीकरणातून साचत जाणारा. तो लोह धरून ठेवतो. जन्मतः जवळजवळ नसतो, लहानपणी दिसू लागतो आणि वयाबरोबर गडद होत जातो. पेशी मेल्या की रंग जातो. रंग गेला म्हणून पेशी मेल्या, असं उलटं वाचू नका. जवळच एक ठिपका आहे, त्याचं लॅटिन नाव 'निळी जागा'. रंगद्रव्य तेच, दिसतं निळसर. काळा-निळा सोयरीक इथेही!

तर त्वचेतलं आणि मेंदूतलं मेलॅनिन एकच का? नाही, चुलत म्हणा. दोघांचा मूळ माल सारखा, टायरोसिन नावाचं अमिनो आम्ल (ग्रीक 'टुरोस' म्हणजे चीज; त्यातून काढलं म्हणून हे नाव, आणि काढणारा पुन्हा लीबिगच). पण त्वचेतल्या कारखान्याला जे विकर लागतं त्याच्याशिवायही मेंदूतलं चालतं. म्हणून ज्यांची कातडी आणि केस जन्मतः पांढरे असतात, त्यांच्याही मेंदूतली पट्टी काळीच असते. 'काळ्या लोकांच्या मेंदूत मेलॅनिन जास्त' असले मोबाइलवरचे निरोप यामुळेच कचऱ्यात टाकावेत. तुमचे वांग आणि सासऱ्यांचा कंप यांचा एकमेकांशी संबंध नाही. क्रीम लावून किंवा उन्हात बसून मेंदूतला रंग कमीजास्त होत नाही.

त्या पट्टीला शब्द हवा असेल तर मी 'मेंदूतली काळी' म्हणेन. नाम म्हणून 'काळी' मराठीत आधीच उभी आहे, सुपीक अर्थाने. कृष्णद्रव्यवाले नाराज होतील, होऊ देत.

एक मात्र लक्षात ठेवा. कंपवातावर खाजकुहिलीच्या बियांचं, म्हणजे कवचबीजाचं चूर्ण द्या, असं तुम्हाला कोणीतरी सांगेलच. त्यात तथ्य आहे. त्या बियांतून लेव्होडोपा, म्हणजे ज्याचं मेंदूत डोपामाइन बनतं ते द्रव्य, वेगळं काढल्याचं दामोदरन आणि रामस्वामी यांनी 1937 सालीच प्रसिद्ध केलं होतं. पण सासऱ्यांच्या गोळीतही बहुधा तेच लेव्होडोपा असणार. दोन्हीकडून एकदम गेलं तर मात्रा चुकते, तेव्हा डॉक्टरांना विचारल्याशिवाय पुडी उघडू नका.