वाचक विचारतात: कॅमेऱ्यामागचे निकोलिच

प्रश्न (विश्रामबाग, सांगली): आमच्या फिल्म सोसायटीत नुकताच ‘को तो तामो पेवा’, म्हणजे ‘तिकडे कोण गातंय’, हा 1980 चा सर्बियन चित्रपट दाखवला गेला. नंतरच्या चर्चेत दिग्दर्शक स्लोबोदान शियान आणि लेखक दुशान कोवाचेविच यांच्याविषयी तासभर बोलणे झाले, पण छायालेखकाचे नाव कोणी घेतले नाही. श्रेयनामावलीत ते ‘बोझिदार निकोलिच’ असे आहे. याच नावाचे एक दिग्दर्शकही आहेत असे वाचले. हे दोघे एकच का?

उत्तर: होय, एकच. निकोलिच यांचा जन्म 1942 चा, मॉन्टेनेग्रोमधला. कारकीर्द मात्र प्रामुख्याने सर्बियन चित्रपटांत घडली. आपल्याकडे कार्यक्रमपत्रिकेवर दिग्दर्शकाखेरीज इतरांची नावे छापण्याची पद्धत नसल्यामुळे अशा माणसांची ओळख राहून जाते, हे तुमचे निरीक्षण रास्त आहे.

तुम्ही पाहिलेल्या चित्रपटाची गोष्ट 5 एप्रिल 1941 रोजी सुरू होते. बेलग्रेडकडे निघालेली एक खिळखिळी खासगी बस, तीत नाना तऱ्हेचे प्रवासी आणि मालकाने वाटेत चढवलेली डुकरे. (आपल्या लाल एसटीने जत-आटपाडीकडे गेलेल्यांना यातले बरेच काही ओळखीचे वाटेल.) चित्रीकरण सर्बियाच्या उत्तरेकडील व्हॉयव्होदिना प्रांतात देलिब्लाटोच्या वाळूच्या माळरानावर झाले आणि ते 21 दिवसांत उरकले. पडद्यावरचा जेमतेम दीड दिवस तीन आठवड्यांत टिपायचा, म्हणजे सकाळी घेतलेला शॉट आणि चार दिवसांनी दुपारी घेतलेला त्याचा पुढचा शॉट एकाच उन्हातला वाटला पाहिजे. आटपाडीच्या माळावर भर दुपारी कोणाचे फोटो काढले असतील, तर अडचण लगेच कळेल: डोळ्यांच्या खोबणीत काळोख, टोपीखाली अर्धा चेहरा गायब आणि मागचे आभाळ पांढरेफटक. शिवाय फिल्मवर काम करताना चित्र नेमके कसे उमटले, ते लॅबमधून रशेस, म्हणजे चित्रीकरणाच्या धुवून आलेल्या कच्च्या प्रती, आल्यावरच कळे.

चित्रपट पुन्हा पाहाल तेव्हा दोन जिप्सी गायकांकडे लक्ष द्यावे. एकाच्या हातात अकॉर्डियन, दुसऱ्या पोराच्या तोंडाशी मोरचंगासारखे वाद्य. दोघे थेट कॅमेऱ्याकडे बघत गातात. बाकीचे प्रवासी आपापसांत भांडत असतात, हे दोघेच आपल्याशी बोलतात. अशा वेळी एखाद्या छायालेखकाला कॅमेरा फिरवून करामत दाखवण्याचा मोह झाला असता. निकोलिच स्वस्थ राहतात, आणि माझ्या मते त्यांचे खरे कसब या स्वस्थपणात आहे, कारण विनोदी प्रसंगात चार माणसे एका चौकटीत एकमेकांकडे कशी पाहतात यावरच हशा अवलंबून असतो. 1996 मध्ये तिथल्या चित्रपट अकादमीने हा 1947 ते 1995 या काळातला सर्वोत्तम सर्बियन चित्रपट ठरवला.

‘को तो तामो पेवा’नंतर 1982 मध्ये शियान आणि कोवाचेविच यांच्याच ‘मारातोन्त्सी’चे, म्हणजे अंत्यसंस्कारांचा धंदा करणाऱ्या एका विचित्र घराण्याच्या कथेचे, छायालेखन निकोलिच यांनी केले. पुढचे वळण 1984 चे. कोवाचेविच यांच्या नाटकावरून ‘बाल्कान्स्की श्पियून’ हा चित्रपट झाला, तेव्हा निकोलिच त्यांच्याबरोबर सहदिग्दर्शक म्हणून उभे राहिले. पॅरिसहून परतलेला आपला भाडेकरू हेर आहे, या संशयाने झपाटलेल्या घरमालकाची ती कथा. दोन चित्रपटांत ज्याचे संवाद भिंगातून पाहिले, त्या लेखकाच्या माणसांची चाल त्यांना पाठ झाली असणार. म्हणून हा बदल मला उडीपेक्षा पुढच्या पायरीसारखा वाटतो. 1993 चा ‘त्री कार्ते झा होलिवूद’ त्यांनी स्वतंत्रपणे दिग्दर्शित केला.

प्रश्न (कराड, जि. सातारा): दिग्दर्शक एमिर कुस्तुरिका यांच्या ‘अंडरग्राउंड’ या चित्रपटाचे छायालेखक विल्को फिलाच हेही सर्बियन होते ना?

उत्तर: नाही. फिलाच स्लोव्हेनियाचे, 1950 मध्ये प्तुय या गावी त्यांचा जन्म झाला. कुस्तुरिका आणि ते दोघेही प्रागच्या ‘फामू’ या चित्रपट-विद्यालयात शिकले आणि 1981 पासून त्यांनी जोडीने काम केले. कान महोत्सवाचा सर्वोच्च सन्मान कुस्तुरिका यांना 1985 आणि 1995 असा दोनदा मिळाला. त्या दोन्ही चित्रपटांचा कॅमेरा फिलाच यांच्याच हाती होता. 1991 पर्यंत हे सगळे एकाच युगोस्लाव्हियाचे नागरिक असल्यामुळे तुमच्यासारखी गल्लत छापील लेखांतही आढळते.