मैत्रिणीचा चष्मा

प्रिय,

तुझ्या कादंबरीचं हस्तलिखित मिळालं त्याच रात्री वाचायला घेतलं आणि तिसऱ्या दिवशी संपवलं. २४८ पानं. हातात पेन्सिल होती. तुझ्या नायिकेची मैत्रीण जिथे जिथे "मग?" किंवा "पुढे काय झालं?" म्हणते, तिथे मी समासात एक बारीक रेघ ओढत गेले. शेवटी मोजल्या तर ३१ भरल्या. एवढ्या वेळा ती विचारते आणि नायिका सांगत सुटते. नायिका मात्र तिला एकदाही काही विचारत नाही.

रागावू नकोस. लिखाण वाईट असतं तर मी रेघा मोजत बसलेच नसते.

पान ६१ वर ती मैत्रीण नायिकेच्या घरी चष्मा विसरून जाते आणि नायिका तो टेबलाच्या खणात ठेवते. चार ओळींचा प्रसंग आहे, पण मला फार आवडला. आता या चष्म्याचं काहीतरी होणार म्हणून मी वाट बघत राहिले. पान ८४ वर तीच मैत्रीण नायिकेला आलेलं पत्र घडाघडा वाचून दाखवते. चष्मा तर खणात! मी दोनदा मागे जाऊन खात्री केली. कशी वाचते गं ती? तुझ्या हे लक्षात आलं नाही, कारण त्या प्रसंगात तुझं सगळं लक्ष पत्र ऐकणाऱ्या नायिकेच्या चेहऱ्याकडे होतं. वाचणारीकडे तू बघितलंच नाहीस.

ही चूक तुझ्या एकटीची नाही, फार जुनी आहे. 'शाकुंतल' आठव. दुर्वासाचा शाप कोण ऐकतं? अनसूया आणि प्रियंवदा. प्रियंवदा ऋषींच्या पाया पडते, उःशाप मिळवते आणि दोघी मिळून ठरवतात की शकुंतलेला यातलं काही कळू द्यायचं नाही. सगळं नाटक ज्या गुपितावर उभं आहे ते या दोघींच्या पोटात. आणि चौथ्या अंकात शकुंतला सासरी निघाली की कालिदास दोघींना आश्रमात ठेवून देतो, त्या परत रंगमंचावर येतच नाहीत. भर दरबारात शकुंतलेला राजाने ओळखलं नाही, हे त्यांच्या कानावर आलं तेव्हा त्यांचं काय झालं असेल? "आपण सांगायला हवं होतं" म्हणून एक दुसरीवर चिडली असेल का? मला विचारशील तर तिथे एक अख्खी कादंबरी पडून आहे.

व्हर्जिनिया वुल्फने १९२९ साली हेच दुखणं नेमकं पकडलं. 'अ रूम ऑफ वन्स ओन'मध्ये ती एका काल्पनिक लेखिकेची काल्पनिक कादंबरी वाचते आणि एका साध्या वाक्यापाशी थबकते: क्लोईला ऑलिव्हिया आवडत होती. साहित्यात असं फारसं घडलेलंच नाही, असं तिला वाटतं. बायका दिसतात त्या बहुतेक पुरुषांच्या संदर्भात. हे वाक्य पुष्कळजण सांगतात. मला त्याच्या शेजारची गोष्ट जास्त मोलाची वाटते. या दोघी एका प्रयोगशाळेत काम करतात, पंडुरोगाच्या एका गंभीर प्रकारावर औषध म्हणून यकृत बारीक करत असतात. दोघींच्या मध्ये टेबल आहे, टेबलावर काम आहे. तुझ्या दोघींच्या मध्ये काय आहे? मी शोधलं. नायिकेचं दुःख आहे, बाकी टेबल रिकामं.

दोन बाया एकमेकींशी पुरुष सोडून दुसऱ्या विषयावर बोलतात का, ही चाचणी तू ऐकली असशीलच. ॲलिसन बेक्डेलच्या १९८५ च्या एका चित्रपट्टीतून ती आली. तुझी कादंबरी त्या चाचणीत पास होते. नायिकेच्या नोकरीवर बोलतात, तिच्या आईवर बोलतात, तिच्या झोपेवरही बोलतात. पास होऊनही मैत्रीण कोरीच राहिली की नाही?

ती कोरी राहते, कारण ती कशालाच नकार देत नाही. जेन ऑस्टिनचं 'प्राइड अँड प्रेज्युडिस' (१८१३) तू प्रेमकथा म्हणून वाचलं असशील. आता फक्त नायिका एलिझाबेथच्या मैत्रिणीसाठी, शार्लट ल्युकससाठी वाच. २७ वर्षांची, रूप नाही, पैसा नाही. एलिझाबेथने ज्या कॉलिन्सला धुडकावून लावलं, त्यालाच शार्लट दोन दिवसांत होकार देते, तोही पूर्ण शुद्धीत. आपण प्रेमाबिमाच्या भानगडीतल्या नाही, आपल्याला हक्काचं घर हवं आहे, असं ती मैत्रिणीला स्वच्छ सांगते. भांडण नाही, रडारड नाही. एलिझाबेथला मनातल्या मनात उमगतं, की आता दोघींमध्ये पहिल्यासारखा मोकळेपणा राहणार नाही. जाणं-येणं, पत्रं सगळं चालूच राहतं. मैत्रीचं असं न मोडता मोडणं मी फार कमी ठिकाणी इतकं चोख वाचलंय. आणि गंमत बघ, एलिझाबेथ किती ताठ आहे हे आपल्याला शार्लटमुळे कळतं. शार्लट नसती तर तो ताठा नुसता गोड वाटला असता.

आपल्याकडे हरिभाऊ आपट्यांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस 'पण लक्षात कोण घेतो?'मध्ये नायिका यमूच्या शेजारी तिची मैत्रीण दुर्गी उभी केली. यमूला समजूतदार नवरा मिळाला, दुर्गीला नाही. दोघींचा काळ एक, चालीरीती त्याच. दुर्गीचे हाल वाचताना यमूचं सुख किती बारीक धाग्यावर लटकलंय ते दिसत राहतं.

आता माझी एक गोष्ट. ही मी फार कुणाला सांगत नाही. माझ्या पहिल्या कादंबरीतही अशीच एक मैत्रीण होती, नायिकेचं सगळं ऐकून घेणारी. मध्यावर ती मला अडचणीची वाटायला लागली, म्हणून परदेशी पाठवून दिली. एका परिच्छेदात. त्यावर एका वाचक बाईंचं कार्ड आलं. वर स्तुती नाही, खाली सही नाही, मध्ये एकच ओळ: "ती परत आली का?" मी हसून कार्ड ठेवून दिलं. हसू पुढे आटलं. त्या पात्राच्या तोंडी मी एक वाक्य घातलं होतं, "मला कुणी थांबवलं नाही, हेच मला लागलं." ते माझं नव्हतं. माझ्या एका खऱ्या मैत्रिणीचं होतं, रात्री उशिरा जिन्यात बसून बोललेलं. पुस्तक वाचून तिचा फोन आला. बरंच कौतुक केलं, मुखपृष्ठावरही बोलली. फोन ठेवता ठेवता म्हणाली, "ते वाक्य मात्र तू नुसतंच वापरलंस." चोरलंस म्हणाली असती तर मी भांडले असते. तिची तक्रार वेगळी होती. वाक्य घेतलं आणि ते बोलणाऱ्या बाईला मी विमानात बसवून दिलं, ही. आम्ही अजून बोलतो. जिन्यात बसून नाही.

म्हणून जवळच्यांवरून लिहू नको, असं मी तुला सांगणार नाही. सगळेच लिहितात. पण घेतलंस तर पुरतं घे. वाक्य घेतलंस तर ती बाईही घे, तिचा हट्ट घे, तिला आपला जो राग येतो तोही घे. इटालियन लेखिका फेर्रान्तेच्या नेपल्सच्या चार कादंबऱ्या (२०११ ते २०१४) इथूनच सुरू होतात. साठी ओलांडलेली लीला स्वतःच्या सगळ्या खुणा पुसून नाहीशी होते आणि तिची मैत्रीण एलेना, जी ही गोष्ट सांगते, चिडून लिहायला बसते, बघू कोण जिंकतं ते. म्हणजे ते सगळं लिखाणच मैत्रिणीच्या इच्छेविरुद्ध केलेलं आहे. पहिल्या भागाच्या, 'माय ब्रिलियंट फ्रेंड'च्या, नावातली ती हुशार मैत्रीण म्हणजे लीलाच, असं आपण धरून चालतो. पण ते शब्द येतात लीलाच्या तोंडून, तिच्या लग्नाच्या दिवशी, आणि ती ते एलेनाला उद्देशून म्हणते. मी तिथे पुस्तक मिटून ठेवलं होतं. तोवर मला वाटत होतं की मत्सर एकाच बाजूने वाहतोय.

मत्सर, हो. तुझ्या २४८ पानांत तो औषधालाही नाही. मैत्रिणीला बढती मिळते, नायिका तिला मिठी मारते आणि प्रकरण संपतं. मिठी मारू दे, पण घरी गेल्यावर तिने काय केलं? मनात गलिच्छ काही यायलाच हवं असं नाही. नुसती झोप लागली नाही तरी चालेल.

पुरुष पात्रांबद्दल थोडंच. नवरा फार लवकर वाईट ठरतो. त्याला एखादा प्रसंग दे जिथे त्याचं बरोबर आहे आणि नायिकेला ते आवडत नाही. तेवढ्यानेही तो माणसात येईल.

आता शेवटचं प्रकरण. नायिका एकटी टेकडी चढते, वारा येतो, "आज मी मला सापडले" असं तिला वाटतं. हे वाक्य काढ. टेकडी ठेवायची तर ठेव, माझं वाऱ्याशी वैर नाही. पण माणूस स्वतःला असा रिकाम्या जागी, ठरल्या वेळी सापडत नाही. टोनी मॉरिसनच्या 'सुला'मध्ये (१९७३) नेलचा नवरा तिच्या जिवलग मैत्रिणीबरोबर, सुलाबरोबर सापडतो आणि घर सोडून जातो. पुढची कितीतरी वर्षं नेल समजत राहते की आपण नवऱ्यासाठी झुरतोय. सुला मरते. त्यानंतर २५ वर्षांनी, १९६५ साली, दफनभूमीतून परतताना तिला कळतं की इतकी वर्षं ती झुरत होती सुलासाठी. तिला हे कळतं तेव्हा सांगायला समोर कोणी नाही. तिला जे सापडलं ते इतक्या उशिरा सापडलं, आणि जिच्यामुळे सापडलं ती जमिनीखाली. तुझ्या टेकडीवर असं काहीच हरवलेलं नाही, मग सापडेल कुठून?

आणि सगळंच असं काळवंडलेलं असावं, असंही नाही. सेनेगलच्या मरियामा बा यांची १९७९ सालची छोटीशी कादंबरी मिळव, मूळ फ्रेंच, इंग्रजीत 'सो लाँग अ लेटर' नावाने आहे. विधवा झालेली रामातुलाये शोकाच्या एकांतात बसून ऐसातू या मैत्रिणीला लिहिते आहे. दोघींच्याही नवऱ्यांनी दुसरं लग्न केलं. ऐसातू नवऱ्याला सोडून गेली, शिकली, दुभाषी झाली. रामातुलाये राहिली. लेखिका कुणालाच बरोबर किंवा चूक ठरवत नाही. एकदा ऐसातूला कळतं की रामातुलाये गर्दीच्या बसमधून धक्के खात फिरते आहे. ती तिला मोटार घेऊन देते, अगदी नवी फियाट. रामातुलायेला चालवता येत नाही, तिला भीती वाटते, तरी ती शिकते. जी निघून गेली तिच्या पैशाची गाडी, जी राहिली तिच्या हातात. तिला स्वतःबद्दल काय कळलं हे लेखिकेला वेगळं सांगावं लागलं नाही, ते गिअर बदलताना दिसलं.

तर कामाचं बोलू. पुढचा खर्डा लगेच सुरू करू नकोस. आधी एक प्रकरण लिही, जे पुस्तकात जाणार नाही. मैत्रिणीचा एक अख्खा दिवस, तिच्या घरी, तिच्या कामावर. त्यात नायिकेचा फोन एकदाच येऊ दे आणि मैत्रिणीने तो घेऊ नये. का घेत नाही ते तुला माहीत असलं पाहिजे, वाचकाला नाही सांगितलंस तरी चालेल. ते झालं की मग पान ८४ वर ये. मला वाटतं, ते एक पान सरळ झालं की पुढची बरीच आपोआप हलतील. कदाचित तिथे नायिकेलाच मोठ्याने वाचावं लागेल, अडखळत, आणि मैत्रीण डोळे बारीक करून तिच्याकडे बघत बसेल. कदाचित नायिका खण उघडेल. किंवा खणात चष्मा आहे हे माहीत असूनही उघडणार नाही.

हस्तलिखित परत पाठवते आहे, रेघा खोडलेल्या नाहीत. नवं प्रकरण झालं की फोन न करता सरळ पाठव. आणि तो चष्मा जवळचा आहे की लांबचा, तेही ठरव.

तुझी,
ताई