पडद्यामागे राहून टीव्हीवर विनोद घडवणारा, पण आपल्याकडे फारसा माहीत नसलेला माणूस कोण?

माझ्या मते डेव्हिड क्रॉफ्ट. बीबीसीचा लेखक आणि निर्माता. हे नाव मला कळलं ते आमच्या देवळालीमुळे.

मी देवळाली कॅम्पात वाढलो. एकदा यूट्यूबवर एक जुनी इंग्रजी मालिका लागली आणि त्यातले गोरे सोजीर 'डिओलाली, डिओलाली' करताना ऐकू आले. मालिका होती 'इट एन्ट हाफ हॉट मम' (१९७४ ते १९८१). १९४५ साली छावणीत सैनिकांची करमणूक करणाऱ्या नाटकमंडळीची गोष्ट. क्रॉफ्टचा सहलेखक जिमी पेरी खरोखरच देवळालीच्या अशा मंडळीत होता, आणि क्रॉफ्टही सैन्यातर्फे भारतात येऊन गेलेला. मायदेशी जाणाऱ्या बोटीची वाट बघत इथे पडून राहिलेले सोजीर कंटाळून भ्रमिष्टासारखे वागायचे, म्हणून इंग्रजीत 'डूलॅली' हा शब्द आला. मूळचं 'डूलॅली टॅप'. त्यातला 'टॅप' म्हणजे आपला ताप! वेड लागायलाही यांना आमचंच गाव सापडलं.

एक गोष्ट मात्र खटकते. यातला रंगी राम हा भारतीय नोकर मायकेल बेट्स या गोऱ्या नटाने तोंडाला रंग फासून केलाय. बेट्स झाशीत जन्मलेला, पण म्हणून ते बघवतं असं नाही.

क्रॉफ्टचं खरं मोठं काम त्याच्या आधीचं, 'डॅड्स आर्मी' (१९६८ ते १९७७, ८० भाग). पेरी तेव्हा किरकोळ भूमिका करणारा नट; युद्धकाळातल्या म्हाताऱ्या होमगार्डांवर लिहिलेली संहिता त्याने क्रॉफ्टच्या हातात दिली. पुढे दोघांची पद्धत ठरली: दोन भागांचं कथानक एकत्र बसून रचायचं, मग एकेक भाग वाटून घ्यायचा आणि आपापल्या घरी लिहायचा. तरी कुठला भाग कुणाचा हे मला आजही ओळखता येत नाही.

नुसता लेखक संहिता देऊन मोकळा होतो. क्रॉफ्ट लिहायचा, नट निवडायचा आणि बहुतेक वेळा दिग्दर्शनही करायचा. तेच तेच नट त्याच्या वेगवेगळ्या मालिकांत दिसतात, जुन्या नाटक कंपनीसारखे. आई-वडील दोघंही रंगभूमीवरचे, त्यामुळे ते रक्तातच असणार. जेरेमी लॉइडबरोबर त्याने 'आर यू बीइंग सर्व्ड?' आणि 'अलो अलो' लिहिल्या, त्याही वर्षानुवर्षं चालल्या.

निर्माता असण्याचा फायदा काय, तर हा किस्सा बघा. 'डॅड्स आर्मी' दाखवण्याआधी काही प्रेक्षकांना बोलावून मत घेतलं, तर बहुतेकांनी नाकं मुरडली. तो अहवाल क्रॉफ्टच्या टेबलावरच्या ट्रेमध्ये सगळ्यात खाली राहिला. बाहेर निघाला तोवर लोकांनी मालिका डोक्यावर घेतली होती. कागद आपोआप तळाला गेला यावर माझा तरी विश्वास नाही.

बघायला सुरुवात 'डॅड्स आर्मी'पासूनच करा, आणि भाग संपला की लगेच बंद करू नका. शेवटी 'यू हॅव बीन वॉचिंग' अशी पाटी येते आणि एकेक नट आपल्या नावासकट पडद्यावर दिसतो. ही क्रॉफ्टची खूण. त्याचं स्वतःचं नाव नुसतं अक्षरांत येतं, चेहरा नाही.