नवीन काडतूस आपल्या रायफलला चालतंय का, कसं ओळखायचं?

प्रश्न: ताई, मी कोल्हापूरला कॉलेजात आहे, पॉइंट टू टू (०.२२ इंच नळीच्या) रायफलने ५० मीटर थ्री पोझिशन (गुडघ्यावर, झोपून आणि उभं राहून) मारते. क्लबने महागातल्या नवीन अॅम्युनिशनची दोन पाकिटं ट्रायलला दिली. प्रोनमधे (पालथं झोपून) पहिल्या पाच गोळ्या एका भोकात गेल्या आणि पुढच्या पाच सगळीकडे पसरल्या. गोळी खराब आहे का माझी पोझिशन? का सरळ ऑलिम्पिकवाला स्वप्निल कुसाळे वापरतो तीच घेऊ?

उत्तर: अगं, पाच गोळ्यांवर काहीच ठरवू नकोस, चांगलं पण नाही आणि वाईट पण नाही. आधी हे सांग, जुनी गोळी मारून लगेच नवीन भरलीस ना? टू टूची गोळी शिशाची असते, तिला बाहेरून मेण किंवा ग्रीससारखं वंगण असतं आणि त्याचा थर बॅरलमधे बसतो. कंपनी बदलली की वंगण बदलतं, मग जुना थर जाऊन नवा बसेपर्यंत गोळ्या कुठेही जातात. म्हणून पहिल्या पंधरा-वीस गोळ्या नुसत्या सोडून द्यायच्या, मोजायच्याच नाहीत. जीवावर येतं, एवढी महाग गोळी आहे, पण त्याशिवाय ट्रायलला अर्थ नाही.

दुसरं म्हणजे या ट्रायलमधून तू स्वतःला बाजूला काढ. प्रोनमधे स्लिंग (रायफलचा हाताला बांधायचा पट्टा) लावली की तुझी नाडी, श्वास, खांदा सगळं त्या ग्रुपमधे (टार्गेटवरच्या भोकांच्या पसाऱ्यात) येतं. बेंचवर बस, पुढे-मागे वाळूची पिशवी लाव, वारा नसताना सकाळी लवकर मार, आणि दहा-दहाचे चार ग्रुप घे. एली या काडतूस कंपनीच्या बर्मिंगहॅमच्या किंवा लापुआ कंपनीच्या जर्मनीतल्या श्योनेबेकच्या टेस्ट रेंजवर तर स्टॉक (खांद्याला लावायचा दस्ता) काढून बॅरल अॅक्शनसकट (गोळी भरायच्या-उडवायच्या यंत्रणेसकट) शिकंजात घट्ट पकडतात आणि एकामागून एक लॉट (एका वेळी बनवलेली खेप) मारून बघतात, शूटर फक्त शेजारी उभा राहून स्क्रीन बघतो. जो लॉट जमला त्याच लॉटचा साठा घेतात, कारण नाव तेच, पाकीट तेच, पण लॉट नंबर बदलला की ग्रुप बदलू शकतो. पाकिटावरचा तो नंबर वहीत लिहून ठेवायची सवय आजपासूनच लाव.

आता टार्गेट कसं वाचायचं ते. ५० मीटरच्या टार्गेटवर दहाचं वर्तुळ १०.४ मिलिमीटरचं आणि गोळी ५.६ मिलिमीटरची, रेषेला नुसती टेकली तरी दहा. म्हणजे भोकाचा मध्य केंद्रापासून ८ मिलिमीटरच्या आत हवा. ग्रुप आडवा पसरला तर आधी वाऱ्यावर संशय घे, पण वारा नसताना उभा पसरला तर गोळीच्या वेगावर. ही गोळी सेकंदाला साधारण ३३० मीटरने निघते, त्यात १० मीटरचा फरक पडला की ५० मीटरवर ती जवळजवळ ७ मिलिमीटर खाली लागते, म्हणजे तुझी काही चूक नसताना जवळपास एक रिंग गेली. आणखी एक, तापलेल्या चेंबरमधे (बॅरलच्या मागच्या काडतुसाच्या जागेत) गोळी भरून उगाच नेम धरत बसू नकोस, आतली पावडर गरम होते आणि गोळी वर जाते. पहिल्या पाचांनंतर तू थांबली होतीस का, आठवून बघ.

स्वप्निलचं म्हणशील तर त्याने २०२४ ला पॅरिस ऑलिम्पिकमधे थ्री पोझिशनचं ब्राँझ ४५१.४ वर घेतलं. फायनलमधे पॉइंट दशांशात मोजतात आणि एक दशांश म्हणजे ०.८ मिलिमीटर, म्हणून त्या लेव्हलला लॉट टेस्टिंगला एवढं महत्त्व. कांबळवाडीच्या पोराने हे करून दाखवलं याचा आपल्या सगळ्यांना केवढा अभिमान आहे! पण त्याला जमणारी गोळी त्याच्या बॅरलला जमते. तुझ्या बॅरलला मधल्या किमतीची जास्त मानवेल, असं खूप वेळा होतं. तुझी आत्ताची गोळी आणि नवीन, दोन्ही एकाच दिवशी एकाच बेंचवर मार आणि चारही ग्रुप एकावर एक ठेवून बघ. सगळ्यात छोट्या ग्रुपचा फोटो काढून खूश होऊ नकोस, सगळ्यात मोठा कुठला आला ते बघ, मॅचमधे तोच नडतो.

प्रश्न: मुलगा दहावीत आहे, नाशिकला नुकतीच पॉइंट टू टू सुरू केलीय. भारीतलं अॅम्युनिशन लागेलच का?

उत्तर: नाही लागत. आत्ता त्याला जास्त गोळ्या मारायला मिळणं महत्त्वाचं, आणि तेवढ्या पैशात साध्या ट्रेनिंगच्या कितीतरी जास्त येतात. फक्त दर महिन्याला वेगळी कंपनी नको, एकच धरा. कोच म्हणाले की बघू.

प्रश्न: ट्रायलमधे घोडा ओढला, नुसतं टक् झालं, गोळी सुटलीच नाही. शेजारचा म्हणाला बोल्ट (रायफलची मागची कडी) उघड आणि फिरवून परत भर.

उत्तर: शेजारच्याचं अजिबात ऐकू नका! रिमफायरमधे (टू टूसारख्या काडतुसात) प्रायमर (पावडर पेटवणारा मसाला) काडतुसाच्या कडेत भरलेला असतो, कधी तो नीट पसरलेला नसतो, कधी उशिरा पेटतो. नळी टार्गेटकडेच ठेवून निदान ३० सेकंद थांबायचं, हात वर करून रेंज ऑफिसरला बोलवायचं, आणि ते काडतूस परत न भरता त्यांच्याकडे द्यायचं. आणि कधी नेहमीपेक्षा बारीक, फुसका आवाज आला आणि टार्गेटवर भोक दिसलं नाही तर त्याहून जास्त जपा, गोळी बॅरलमधेच अडकलेली असू शकते. तिच्यामागून दुसरी मारली तर बॅरल फुगते, इजा पण होऊ शकते. बोल्ट काढून मागून बघा, बॅरलमधून आरपार उजेड दिसल्याशिवाय पुढची गोळी भरायचीच नाही.