दोन ओळींचं काम

प्रश्न : ताई, मुंबईत येऊन चार वर्षं झाली. सात मालिकांत हवालदार, कंपाउंडर, रिक्षावाला झालो. वाट्याला दोनच ओळी येतात. आई विचारते, मोठं काम कधी? सांगलीला परत जाऊ का?

उत्तर : अरे बाळा, तुझं पत्र वाचून मी काल रात्री ‘शोले’ लावला. गब्बर कालियाला जाब विचारतो, तेवढाच प्रसंग पाहिला, तोही आवाज बंद करून. तूही तसाच बघ. गब्बर बोलत असतो, पण त्याची दहशत आपल्याला कळते ती कालिया झालेल्या विजू खोट्यांच्या चेहऱ्यावरून. चाप ओढला, गोळी सुटली नाही. मग सगळे हसायला लागतात तेव्हा वाचल्याचं हसू त्या तोंडावर कसं भीत भीत येतं, ते बघ. हे १९७५ सालचं, जेमतेम काही मिनिटांचं काम. वडील नंदू खोटे, बहीण शुभा खोटे, काकू दुर्गा खोटे, घर नटांचं. तरी ते पुढेही ‘अशी ही बनवाबनवी’तला बळी आणि ‘अंदाज अपना अपना’तला रॉबर्ट अशीच छोटी कामं जीव ओतून करत राहिले. २०१९ मध्ये ते गेले, तेव्हाही लोकांच्या तोंडी कालियाच होता.

समोरचा बोलत असताना ऐकणं, हेच आपलं काम. एका मालिकेत मी नर्स होते, वाक्य एकही नाही. रडणाऱ्या नायिकेची उशी सारखी करायची, एवढंच. तिचा पदर उशीखाली अडकला होता, तो मी हळूच सोडवला. दिग्दर्शक म्हणाले, ताईंच्या हातांचा क्लोज घ्या. त्या नर्सला पुढे चौदा दिवस काम मिळालं.

आता पैशाचं. पैसे नव्वद दिवसांनी येतात, हे धरूनच घरभाड्याचा हिशेब कर. एका निर्मात्याने माझे आठ दिवसांचे पैसे बुडवले, कारण माझ्याकडे कागद नव्हता. तेव्हापासून वहीत कॉलटाइम, म्हणजे सेटवर बोलावल्याची वेळ, आणि पॅकअप, म्हणजे काम संपल्याची वेळ, लिहून रोज प्रॉडक्शनवाल्याची सही घेते. तूही घे, लाजू नकोस. जोडीला एखादं अर्धवेळ काम धर. तेही जमेना, उधारी वाढायला लागली, तर सांगलीला जा. त्यात काही कमीपणा नाही.

आणि आईला एपिसोडची तारीख आधी कळव. तू कुठल्या सीनमध्ये, कुणाच्या मागे उभा आहेस, तेही सांग. बघून झाल्यावर ती काय म्हणाली, ते मला लिही. मी वाट बघते.