रंग देण्याआधी कॅटलॉग वाचा

प्रश्न : काकांची १९८९च्या सुमाराची माउंटन बाइक माझ्याकडे आली आहे. सोबत त्याच वर्षीचा कंपनीचा कॅटलॉगही आहे. रंग उडालाय, म्हणून नवा रंग आणि नवे गिअर लावून वापरायचा विचार आहे. कॅटलॉग ठेवू की टाकू? लोकांना या सायकलींचं एवढं वेड कशाचं?

उत्तर : रंग देऊ नका, गिअरही राहू द्या! माझी पहिली जुनी फ्रेम मी हौसेनं घासून घेतली. रंगासोबत नळ्यांची जात सांगणारं लेबलही गेलं. त्याची हळहळ अजून जात नाही.

कॅटलॉग जपून ठेवा. रंगाचं नाव, फ्रेमचे कोन, कुठला सुटा भाग कुठल्या कंपनीचा, सगळं त्यात सापडेल. मग क्रँकच्या, म्हणजे पेडल जोडलेल्या दांड्याच्या, मागची बाजू पुसून पाहा. शिमानो या सुटे भाग बनवणाऱ्या जपानी कंपनीचा असेल तर दोन रोमन अक्षरं दिसतील. पहिलं वर्षाचं, ए म्हणजे १९७६, दुसरं महिन्याचं. ‘एन’ आणि ‘डी’ निघालं तर एप्रिल १९८९, म्हणजे क्रँक बहुधा मूळचाच.

आता वेडाचं. १९७६ साली कॅलिफोर्नियात माउंट टॅमलपायसजवळच्या उतारावर काही तरुण जुन्या जाड टायरच्या सायकली सोडायचे. खाली येईतो मागच्या ब्रेकमधलं ग्रीस जळून जायचं, ते पुन्हा भरावं लागे, म्हणून त्या शर्यतीचं नावच ‘रिपॅक’ पडलं. पुढच्याच वर्षी त्यांच्यातल्याच जो ब्रीझनं खास या कामाची फ्रेम बनवली. १९८१मध्ये स्पेशलाइज्ड कंपनीची स्टम्पजम्पर आली आणि ही सायकल दुकानात मिळू लागली. पण ती नेमकी कशी असावी हे तेव्हा कुणालाच ठरवता आलं नव्हतं. पेडलजवळची दातेरी चकती गोलऐवजी लंबगोल करून ‘बायोपेस’ नावानं आली, चिखल जिथे हमखास साचतो तिथेच, फ्रेमच्या मागच्या नळ्यांखाली, ‘यू-ब्रेक’ नावाचे ब्रेक बसवले गेले. कॅटलॉगांत त्यांचं भरभरून कौतुक आहे, आणि थोड्याच वर्षांनी ती नावं गुपचूप गायब! ओळीनं चार वर्षांचे कॅटलॉग मांडून बसलं की मला उठवत नाही.

गिअरचा खटका हँडलच्या वर, अंगठ्याशी असेल. त्याची कडी फिरवून ‘फ्रिक्शन’वर आणा. टकटक थांबते, साखळी कानानं ऐकत गिअर बसवायचा. हे एकदा करून पाहा, मग बदलायचं ठरवा.

सीटची दांडी मात्र आजच सैल करून ग्रीस लावा. स्टीलमध्ये अॅल्युमिनियम अडकून बसतं.

आणि कॅटलॉगच्या कडा बघा. माझ्याकडच्या एकात कुणीतरी १८ इंची फ्रेमभोवती पेन्सिलीनं गोल केलाय, मग तो खोडून २०वर केलाय. काकांनीही काही टिपलं असेल.