अहिराणीचं मराठी करताना नावं तशीच कशी ठेवायची?

भाऊ, तुम्ही विचारलंय की आजोबांची अहिराणी गोष्ट टाईप केली, आता शब्द प्रमाण मराठीत बदलायचेत पण गावांची नावं बिघडताहेत. डायरेक्ट सगळीकडे रिप्लेस ऑल मारलं की हे होणारच, कारण कॉम्प्युटर नुसती अक्षरं बघतो, त्याला गाव कुठलं नि शब्द कुठला काही कळत नाही. 'माले'चं 'मला' करायला गेलात की मालेगावचं मलागाव होतं, आणि 'शे'चं 'आहे' केलं तर शेंदुर्णीची आहेंदुर्णी आणि साधं 'शेत' असेल तिथं 'आहेत', मग अख्ख्या वाक्याचा अर्थच गेला.

म्हणून आधी नावं बाजूला काढा. मालेगाव दिसेल तिथं @१@, शेंदुर्णीला @२@, माणसांच्या नावांचंही तसंच, आणि यादी वहीत लिहून ठेवा. खूण दोन्हीकडून बंद हवी बरं का, नाहीतर @१ आणि @१२ ची गल्लत होते. मग शब्द बदला, शेवटी नावं परत टाका. 'माले', 'शे' असे सुटे शब्द पूर्ण शब्द शोधायचा पर्याय चालू करूनच बदला, म्हणजे 'शेत'ही वाचतं.

पण प्रत्यय लागलेले शब्द हातानेच करा. 'आंडोर'चं 'मुलगा' केलं की 'आंडोरना'चं 'मुलगाना' होतं, तिथं 'मुलाचा' पाहिजे. वेळ लागतो, पण आजोबांची गोष्ट आहे, तेवढा द्याच. आणि मूळ अहिराणी फाईल वेगळी जपून ठेवा, तिला हात लावू नका.